पांढऱ्या कड्यातल्या गारगोट्या

तवा आमी चौघं हुतो. मी, माझी लेक, जावई, आन डब्यात हे, माझं मालक.

आमी डब्लिनला लेकीकडं आलो हुतो, तितंच हे वारलं, कोरोनाच्या पयल्या थंडीत. मलाबी तोच आजार. म्हनून ह्यांस्नी जाळायला नेलं ते मोबाईलवर बघितलं. पुढं राखंचा डबा आला. आपल्यात राख सावडत्यात, हाडं दुधानं धुवून येचत्यात. म्या डब्यात हात घातला तर नुसतं पीठ. एक हाड न्हाई.

लेक म्हनली, "आई, इथं मशीनमधून बारीक करून देतात गं."

म्या झाकन लावलं. सावडल्याबिगर मानूस सोडायचा कसा? डबा कपाटात ऱ्हायला. हितली कपाटाला प्रेस म्हनत्यात.

उन्हाळ्यात फिरायची बंदी उठली, तवा जावयानं वर उत्तरेला समुद्रावर नेलं, डबाबी म्या संगं घेतला. कडा बघितला. वर काळा कातळ, अक्षी आपल्या डोंगरावानी. खाली पांढराफेक खडू. मधी तांबड्या मातीत गारगोट्याच गारगोट्या.

"ह्या मधीच कशा गं?"

लेक दगडांचंच शिकलीया. म्हनली, "खडू समुद्राच्या तळाला साचला. मग जमीन वर आली. पावसानं ती लाखो वर्षं झिजवली, पार सपाट केली. खडू विरघळून गेला, त्यातल्या गारगोट्या विरघळल्या नाहीत. त्या तिथंच उरल्या. नंतर लाव्हा आला आणि सगळं झाकलं."

"म्हंजी पावसानं बी सावडून ठेवलं की."

जावई म्हनलं, "आई, कॉलेजात तुम्हीच शिकवायला हव्यात."

"तू गप रे," लेक वसकली. मग मला म्हनली, "आई, भारतात घरी नेऊया ना बाबांना. विमानं होतील सुरू."

"निऊन काय येचू? पीठ?"

कड्याखाली पडलेल्या चार गारगोट्या म्या उचलल्या.

जावयानं पिशवी उघडली. "चहाचं दूध आहे. चालेल?"

"न चालायला काय झालं."

धुतल्या. ह्यांच्यासंगं पान्यात सोडल्या. लेक रडली. मला रडू आलं न्हाई. बरं वाटलं, आसंबी न्हाई. गारगोटी ती गारगोटी. ह्यांचं हाड काय माझ्या हाताला लागलं न्हाई.

वाचनाऱ्यांनो, परमुलखात तुमचं मानूस जाळायला दिलं, तर आधी सांगून ठेवा, हाडं दळू नका म्हनून. यवढंच करा.