बाईंच्या जागी उभी

माझी उंची पाच फूट साडेचार इंच, केस काळे पण मधूनमधून पांढरे झालेले, रंग गव्हाळ. एवढ्या भांडवलावर कुणी मला कामावर ठेवेल असं कधी वाटलं नव्हतं. पण ठेवलं, आणि तेही माझ्या सगळ्यात पडत्या काळात.

कॅनडात, नॉर्थ यॉर्कच्या एका ऑफिसात सात वर्षं सॉफ्टवेअर टेस्टिंग केल्यावर एका मंगळवारी आमची अख्खी टीम कमी करून टाकली. पुढचे आठ महिने मी रिचमंड हिलच्या घरात बसून अप्लाय करत होते. इंटरव्ह्यू यायचे. मी घाईघाईने बोलायचे, समोरचा 'सॉरी?' म्हणाला की आणखी घाई करायचे, आणि पुढे काही व्हायचं नाही. ओकव्हिलला राहणारी माझी एक मैत्रीण हौस म्हणून शूटिंगमध्ये गर्दीत बसायला जायची. अशी घरात बसून राहिलीस तर वेड लागेल, असं म्हणून एका सकाळी ती मलाही घेऊन गेली.

शहराच्या पूर्वेला एका जुन्या गोदामात मालिकेचा सेट होता. आम्हाला दवाखान्याच्या वेटिंग रूममध्ये पेशंट म्हणून बसवलं. दुपारी एक असिस्टंट डिरेक्टर बाई माझ्याकडे आली. पडद्याचं कापड बघावं तसं तिने मला बघितलं, भिंतीला टेकून उभं केलं आणि विचारलं, सोमवारपासून रोज येशील का?

काम असं होतं की एका सीनचं लायटिंग करायला तासभर तरी लागतो. तेवढा वेळ मुख्य नटीला ताटकळत ठेवत नाहीत. तिच्या उंचीची आणि रंगाची दुसरी बाई जमिनीवरच्या चिकटपट्टीच्या खुणेवर उभी राहते. सगळं जुळलं की ती बाजूला होते आणि खरी नटी येते. त्या बाईला स्टँड-इन म्हणतात. कॅमेरा सुरू असताना ती कधीच दिसत नाही. घरी सांगितलं तेव्हा मुलगी म्हणाली, "आई, दॅट्स सो रँडम." नवरा म्हणाला की जाऊन तर बघ.

ती नटी स्पेनची होती, अठ्ठावन्न वर्षांची. मी मनात तिला 'बाई' म्हणायला लागले आणि आजही तेच म्हणते. पहिल्याच दिवशी त्या वेळेआधी येऊन कॅमेऱ्यामागे उभ्या राहिल्या आणि माझ्याकडे बघत बसल्या. मग जवळ येऊन म्हणाल्या, "तू माफी मागितल्यासारखी उभी आहेस. मी अशी उभी राहत नाही. लाइट चुकेल."

त्यांनी स्वतः खुणेवर उभं राहून दाखवलं. खांदे सैल, दोन्ही पायांवर सारखा भार, हनुवटी ना वर ना खाली. मी तशी उभी राहिले. राग अजिबात आला नाही. आठ महिन्यांत माझ्याकडे इतकं नीट कुणी बघितलंच नव्हतं.

लायटिंग चालू असताना शेजारच्या खुर्चीत बसून त्या आपल्या मोडक्या इंग्रजीत बोलत राहायच्या. त्यातून तुकड्या-तुकड्यांनी त्यांचं सगळं आयुष्य माझ्यापर्यंत आलं. आई मासे डबाबंद करायच्या कारखान्यात कामाला. विसाव्या वर्षी बाई माद्रिदला आल्या आणि रोजच्या मालिकेत मोलकरणीचं काम मिळालं. एकच वाक्य होतं: "साहेब आले." ते वाक्य त्या दोन वर्षं वेगवेगळ्या तऱ्हेने म्हणत राहिल्या, कधी घाबरून, कधी कंटाळून, आणि लेखकाच्या ते लक्षात आलं. मोलकरणीला दुसरं वाक्य मिळालं, मग एक प्रेमप्रकरण, मग लग्न. तिथून सिनेमा. ओळीने तीन सिनेमे, एक पुरस्कार, मासिकांवर फोटो. मग बेचाळिसाव्या वर्षानंतर फोन वाजायचा बंद झाला.

त्या वर्षांबद्दल सांगताना त्यांच्या आवाजात कडवटपणा नसायचा. नाटकमंडळीबरोबर व्हॅनमधून गावोगाव फिरल्या. परदेशी कार्टूनचं डबिंग केलं, त्यातल्या एका खारीचा आवाज तर सहा वर्षं त्यांचाच होता. मग पोलिसांच्या एका मालिकेत खुन्याच्या आईचं छोटं काम मिळालं. ती मालिका जगभर बघितली गेली आणि त्यातूनच कॅनडाचं हे बोलावणं आलं. इथे त्या बेकरी चालवणाऱ्या विधवेचं काम करत होत्या, आणि आयुष्यात पहिल्यांदाच इंग्रजीत.

अडचण तिथेच झाली. जानेवारीच्या अखेरीस वरून निरोप आला की बाईंचं बोलणं प्रेक्षकांना नीट कळत नाही. आणखी दोन भाग बघू, नाहीतर मागाहून दुसऱ्या नटीचा आवाज त्यांच्या तोंडी बसवू. निर्मात्याने हे सौम्यपणे सांगितलं असणार, पण बाई बाहेर आल्या तेव्हा चेहरा उतरलेला होता. आमच्या दोघींच्या खुर्च्या होत्या तिथे येऊन बसल्या. पडत्या काळात दुसऱ्यांच्या चेहऱ्यांना आवाज देऊन त्यांनी पोट भरलं होतं, आणि आता त्यांच्याच चेहऱ्याला दुसरीचा आवाज. मग त्यांनी विचारलं, "तुला इंग्रजी कुणी शिकवलं?"

मी म्हटलं, साताऱ्याच्या मराठी शाळेत, पाचवीपासून.

"मग मला तू शिकव. तू शिकलेली आहेस. इथले लोक जन्मतःच बोलतात, त्यांना काय माहीत कुठे अडतं ते."

सेटवर उच्चार शिकवणारे एक गृहस्थ होते. चांगले होते, पण ते बाईंना इथल्या लोकांसारखं बोलायला लावत आणि त्यात बाईंचा अभिनयच पळून जाई. मी त्या गृहस्थांना विचारूनच सुरुवात केली, आणि त्यांनी मोकळेपणाने होकार दिला.

पहिल्याच दिवशी बाई 'स्कूल'ला 'एस्कूल' म्हणाल्या आणि मला हसू आलं. माझी कानपूरची मैत्रीण 'इस्कूल' म्हणायची, ते मी त्यांना सांगितलं. त्यांना इतकं बरं वाटलं की दिवसभर त्या कानपूरबद्दल विचारत होत्या. पण खरी गाठ वेगळीच होती. पुढच्या भागात विधवेचा मुलगा घर विकायला सांगतो आणि ती त्याला उत्तर देते की मी याच घरात राहणार, हे सोडून जाणार नाही. इंग्रजीत एकीकडे 'लिव्ह', दुसरीकडे 'लीव्ह'. बाईंच्या तोंडून दोन्ही शब्द एकच यायचे. राहणार की जाणार, काही पत्ताच लागायचा नाही.

मला आमच्या शाळेतलं शुद्धलेखन आठवलं. मी त्यांच्या संवादाच्या कागदावर पेन्सिलने एका शब्दावर पहिली वेलांटी काढली, दुसऱ्यावर दुसरी, आणि म्हटलं, ही ऱ्हस्व, पटकन सोडायची. ही दीर्घ, जरा रेंगाळायचं. बाईंनी त्या वळणांवरून बोट फिरवलं आणि दोन्ही वाक्यं म्हटली. एकदा, मग पुन्हा. दुसऱ्या दिवशी त्यांनी साऱ्या कागदांवर स्वतःच वेलांट्या काढून आणल्या होत्या, काही उलट्या, पण जागच्या जागी.

नोकरीत असताना इंग्रजी मीटिंगच्या आधी मी माझ्या वाक्यांत थांबायच्या जागी तिरप्या रेघा मारून ठेवत असे, इंटरव्ह्यूपुरतं मात्र ते कधी सुचलं नव्हतं. ती युक्तीही त्यांना दिली. तीन आठवडे आम्ही रोज बसलो. त्यांचं संवादातलं वाक्य मी म्हणायचे, माझं इंटरव्ह्यूतलं त्या म्हणायच्या. माझी घाई त्यांना खपायची नाही. म्हणायच्या, "थांब की. ऐकणारा कुठे पळून चाललाय?"

त्या सीनच्या दिवशी मी नेहमीप्रमाणे खुणेवर उभी राहिले, लायटिंग झालं, बाजूला झाले. बाई आल्या. मुलाचं काम करणारा नट बोलला, आणि त्यांनी उत्तर दिलं, अगदी हळू, आपल्याच स्पॅनिश वळणाने, पण एकेक शब्द सुटा. साउंडवाल्याने हेडफोन काढून अंगठा दाखवला. नंतर कळलं की दुसऱ्या आवाजाचा विचार सोडून दिला. आधीच्या भागांतली कच्ची वाक्यं बाईंनी स्वतःच पुन्हा रेकॉर्ड केली. निर्मात्याला त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं की हे हिच्यामुळे झालं, आणि मला हात धरून पुढे ओढलं. मी खांदे सैल सोडून उभी राहिले.

शूटिंग संपलं त्या दिवशी मी आभार मानायला गेले. बाई म्हणाल्या, "मी यायच्या आधी रोज तिथे तू उभी असायचीस. मला ती जागा कधी परकी वाटली नाही."

मालिका एका सीझनवर थांबली. लोकांना ती फारशी आवडली नाही, पण बाईंचं काम आवडलं, आणि इथल्या एका समीक्षकाने त्यांच्या आवाजाबद्दल मुद्दाम लिहिलं. ते कात्रण मी त्यांना पाठवलं. त्या माद्रिदला परतल्या आणि रोजच्या मालिकेत आजी झाल्या. ज्या स्टुडिओत "साहेब आले" म्हणायच्या, त्याच इमारतीत. आता त्यांच्यासमोर एक मुलगी मोलकरणीचं काम करते, आणि बाई तिला दोन वाक्यं जास्त मिळावीत म्हणून लेखकांच्या मागे लागतात.

मला उन्हाळ्यात पुन्हा टेस्टिंगची नोकरी मिळाली. त्या इंटरव्ह्यूत मी सावकाश बोलले, एवढंच. उच्चार शिकवणाऱ्या त्या गृहस्थांनी माझं नाव एका लायब्ररीत सुचवलं, आणि आता शनिवारी सकाळी मी तिथे नव्याने आलेल्यांना इंग्रजी बोलायला शिकवते. पुण्या-नागपूरहून कॉलेजसाठी आलेली मुलं येतात, एक इराणी आजोबा येतात, दोघी मेक्सिकोच्या येतात. त्या दोघींनी बाईंचे जुने सिनेमे बघितलेत. मी बाईंना ओळखते हे काही त्या दोघींना खरं वाटेना, म्हणून मागच्या शनिवारी वर्गातूनच बाईंना फोन लावला. बाई स्वयंपाक करत होत्या. त्यांनी दोघींशी वीस मिनिटं गप्पा मारल्या, इराणी आजोबांना इंग्रजीत नमस्कार सांगितला, आणि शेवटी मला म्हणाल्या की माझे कांदे करपले, पुढच्या वेळी जेवणानंतर फोन करत जा.