हळू बोलणारा पाटील

सामाजिक चित्रपट असो की टीव्हीवरचा माहितीपट, गावातला दुष्ट पाटील हवा असला की दिग्दर्शकांना माझी आठवण होते. बायको म्हणते, "अभिनयाला नाही, पोटाला बोलावतात." घरात अजून कुणी तिला विरोध केलेला नाही.

त्या सकाळी आम्ही दौलताबादजवळच्या एका गावात विहिरीवर होतो. माहितीपट बौद्धवाड्यातल्या एका आजींवर होता. लहान असताना याच विहिरीवरून पाटलानं त्यांना हाकललं होतं. तो पाटील मी, ती पोर म्हणून एक पोरसवदा नटी, आणि आजी स्वतः खुर्चीवर बसून तालीम बघत होत्या. मागं त्या पाटलाचे नातू हाताची घडी घालून उभे. त्यांचं म्हणणं, असं काही घडलंच नाही.

मी गरजलो. शिवी हासडली, घागर लाथाडली. मनात म्हटलं, जमलं.

"नाय," आजी म्हणाल्या.

मागून एक नातू हसला. "बघा, मावशीच म्हणती नाय."

दिग्दर्शिका चाचरली. "आजी, थोडं नाट्य लागतं..."

"यातला एक शबूद खोटा निघाला, तर ही पोरं माझं समदंच खोटं म्हणतील. तसं असंल तर दाखवूच नका."

कॅमेरेवाला ट्रायपॉड मिटायला लागला. मी विचारलं, "मग कसा बोलला होता तो?"

"हळू. घागरीला हात बी लावला नाय. 'पोरी, तुला म्हाईत नाय का?' येवढंच. लई मायेनं."

मी दोनदा करून पाहिलं. आवाज खाली आला, पण डोळे आपले वटारलेलेच, सवय. आजी नुसती मान हलवत होत्या. नातू आता उघड हसत होते.

तिसऱ्यांदा मी अभिनय केला नाही. आमच्या शेतावर सालगड्याच्या बायकोशी बाबा जसे बोलायचे, तसं बोललो. लहानपणी मला तो आवाज फार आवडायचा.

आजींनी खुर्चीचे हात घट्ट धरले. मागचं हसणं थांबलं.

"व्हय. ह्योच," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडं बघत राहिल्या. "दादा, तुम्ही कुठले?"

"इथंच शहरात, गारखेड्यात राहतो."

"ते नाय इचारलं."

मी गावाचं नाव सांगितलं. बाबांचंही सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि कॅमेरेवाल्याला म्हणाल्या, "घ्या आता."