आधी पगार, मग सही

कारकुनानं मस्टर उघडलं आणि अकरा महिन्यांच्या पगारापुढे माझीच सही निघाली. लेबर ऑफिसातल्या साहेबांनी विचारलं, "बाई, सही तुमचीच ना?"

"माझीच," मी म्हणाले. खोटं काय सांगणार?

अमरोलीकडच्या एका गुजराती खाजगी शाळेत मी आणि माझी जोडीदारीण, आम्ही दोघी कामाला होतो. वर्ग झाडायचे, संडास धुवायचे, लहान पोरांना शू-शीला न्यायचं. शाळेत सगळे आम्हाला मासीच, म्हणजे मावशी, म्हणत. पगाराच्या दिवशी कारकून म्हणायचा, "मासी, सही करून ठेवा, फी जमा झाली की देतो." आम्ही करून ठेवायचो, तारीख तो मागून टाकायचा. चौथीपर्यंत शिकलेली मी, आणि एवढंही कळलं नाही की मस्टर एक दिवस आमच्यावरच उलटेल. दोघींचा अकरा महिन्यांचा पगार असा बुडायला आला होता.

जोडीदारीण विदर्भातली, आता माझ्या शेजारीच बसली होती. कालच तिला शाळेच्या ट्रस्टीबरोबर चहाच्या टपरीवर पाहिलं होतं. मला पाहून तिनं मान फिरवली. माझ्या मनात पक्कं बसलं, ही फुटली.

साहेब समोर बसलेल्या ट्रस्टीला म्हणाले, "दिवाळीत शाळेला कुलूप होतं ना? मग सुट्टीतल्या तारखेला या सह्या कशा?"

ट्रस्टीचा आवाज एकदम गोड झाला. "मासी, आपण घरचीच माणसं. अर्धा पगार लई लो ने, वात पूरी करो." म्हणजे अर्धा घ्या नि विषय मिटवा.

तडजोडीचा कागद तयारच होता, गुजरातीत. मी म्हटलं, मोठ्यानं वाचा. साहेबांनी वाचला. त्यात माझं एकटीचंच नाव.

"आणि हिचं?" मी विचारलं.

"त्यांचं नंतर बघू."

तेव्हा ती बोलली, "काल मले पुरा पगार देत होता. म्हने, लिहून दे, तुह्या मैत्रिणीले सगळे पैसे भेटले. मी नाही म्हटलं."

"मला सांगितलं का नाहीस?"

"तुले सांगतलं असतं तं तू म्हनली असती, नाही म्हटलं हे कशावरून?"

म्हणालेच असते.

मग मी साहेबांना सांगितलं, एका कागदावर दोघींची नावं, आणि पैसे आधी हातात, सही मागून. ट्रस्टी हसला, "मासी, भरोसा नथी?"

"नाही."

ओढाताण होऊन आठ महिन्यांवर तडजोड झाली. तीन महिने सोडले. पुढे कोर्टात चपला झिजवायची ताकद दोघींत नव्हती. मी नोटा दोनदा मोजल्या, तिच्याही मोजल्या, मग सही केली. बाहेर आल्यावर ती म्हणाली, "आता चहा पाज, शक्की बाई." मी पाजला. माफी मागितली नाही.

ती तीन वर्षांपूर्वी कोसाडला वारली. मी आहे.