अकरा ओळींचा बाप

आमच्या घरमालकांइतक्या वेळा मेलेला माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. ते गोळी लागून मेले, विषानं मेले, जिन्यावरून गडगडत मेले, कोर्टात साक्ष देता देता छातीवर हात ठेवून मेले, आणि एकदा तर गोष्ट सुरू होण्याआधीच मेलेले होते. मालिकेच्या त्या भागात त्यांचं काम फक्त शवागारात चादरीखाली पडून राहण्याचं होतं. "ते काम सोपं नसतं," ते सांगत. "समोरचा इन्स्पेक्टर डायलॉग विसरतो, पुन्हा पुन्हा शॉट घेतात, आणि श्वास कोंडून पडायचं ते आपण." मरत नसत तेव्हा ते न्यायाधीश असत, पाद्री असत, पोलीसप्रमुख असत, नायिकेला घर विकायला नकार देणारे खडूस म्हातारे असत. अमेरिकन टीव्हीवर आणि सिनेमांत पन्नासएक वर्षं त्यांनी हीच कामं केली. ज्याच्याशिवाय गोष्ट पुढे सरकत नाही, आणि सरकल्यावर जो कुणाला आठवत नाही, तो माणूस म्हणजे आमचे घरमालक.

मी कोल्हापूरहून केमिस्ट्रीत पीएचडी करायला न्यू जर्सीतल्या पिस्कॅटवेला आले आणि युनिव्हर्सिटीजवळ त्यांच्या घरातली वरची खोली भाड्यानं घेतली. पहिल्याच दिवशी दोन बॅगा ओढत स्वयंपाकघरात शिरते तो काय, घरमालक फरशीवर उताणे पडलेले, डोळे उघडे, एक हात फ्रिजच्या दिशेनं ताणलेला. मी "अगं आई गं!" म्हणून किंचाळले, बॅग सोडली आणि ९११ लावायला लागले. तेवढ्यात प्रेत इंग्रजीत म्हणालं, "बोटं जरा जास्त ताणली गेली का?" दुसऱ्या दिवशी त्यांची ऑडिशन होती. मग उठून, कपडे झटकून त्यांनी माझी बॅग वर नेली आणि विचारलं, "काय शिकायला आलीस?" मी सांगितल्यावर त्या क्षणापासून त्यांनी मला 'डॉक्टर' म्हणायला सुरुवात केली. अजून व्हायचं आहे, असं मी म्हटलं तर म्हणाले, "मी सतरा वेळा न्यायाधीश झालो. परीक्षा कुठे दिली होती?"

घर खरं त्यांच्या बायकोचं. ती इथल्या शाळेत शिकवायची, आणि मी येण्याच्या बऱ्याच आधी गेली होती. घराबद्दल बोलताना ते नेहमी म्हणत, "ती या घरातली नायिका. मी पाहुणा कलाकार." हे ते हसत म्हणत, पण तिच्या खुर्चीत कधी बसत नसत. एक मुलगी होती, ओहायोत. ती नाताळच्या दिवशी फोन करायची आणि दोघं हवामानाबद्दल बोलायची.

भूमिका कितीही लहान असो, त्या माणसानं सकाळी काय खाल्लं हे ठरवल्याशिवाय आमचे घरमालक सेटवर जात नसत. एकदा न्यायाधीशाच्या दोनच ओळी होत्या. 'हरकत फेटाळली' आणि 'घेऊन जा याला'. एवढ्यासाठी ते आठवडाभर त्या न्यायाधीशाच्या पित्तावर विचार करत बसले. बायको माहेरी गेलीय, तिखट जेवण झालंय, पोटात आग पडलीय, असं काहीतरी त्यांच्या मनानं घेतलं. शूटिंगच्या सकाळी मला म्हणाले, "डॉक्टर, तुझ्याकडे तिखट काय आहे?" मी पोह्यांबरोबर मिरचीचा ठेचा दिला. चमचाभर घ्यायचा असतो हे सांगायच्या आत वाटी रिकामी झाली. संध्याकाळी परतले ते विजयी मुद्रेनं. शिक्षा सुनावताना न्यायाधीशाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहिलं म्हणे, आणि दिग्दर्शकानं सगळ्यांसमोर सांगितलं की इतकी माणुसकी असलेला न्यायाधीश त्यानं आजवर पाहिला नव्हता.

त्यांचा चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा होता आणि नाव कुणालाच माहीत नव्हतं. मी त्यांना आयसेलिनला, भारतीय दुकानांच्या ओक ट्री रोडवर वाणसामान आणायला घेऊन जायचे, तेव्हा तर मजाच व्हायची. मिठाईच्या दुकानातली मावशी त्यांना आपला जुना डेंटिस्ट समजे आणि ते इमानदारीनं तिच्या दाढेची चौकशी करत. एकदा डाळींच्या रांगेत एक काका थबकले. सत्तरीपलीकडचे, पुण्याहून फार वर्षांपूर्वी आलेले, रिटायर्ड इंजिनिअर. ते यांच्याकडे बघत राहिले आणि एकदम म्हणाले, "सर! तुम्ही माझे पहिले मॅनेजर! ओळखलं नाहीत?" मी खुलासा करायला तोंड उघडलं, तर घरमालकांनी माझा दंड हलकेच दाबला. काकांचा हात दोन्ही हातांत घेऊन म्हणाले, "तुला कसा विसरेन? तू एकटाच असा होतास की ज्याचं काम मला पुन्हा तपासावं लागत नसे. तेव्हा बोललो नाही. बोलायला हवं होतं." काकांचे डोळे भरून आले. चष्मा काढून पुसला, पुन्हा पुसला, आणि तुरीची डाळ न घेताच गेले. गाडीत मी चिडून म्हटलं, "हे बरं नाही केलंत. तुम्ही खोटं बोललात." ते खिडकीबाहेर बघत म्हणाले, "त्याला हे कुणाकडून तरी ऐकायचं होतं. ते म्हणणारा माणूस बहुतेक आता जगात नाही. माझा चेहरा रिकामा होता."

असं तीन वर्षं चाललं. मग एका सकाळी मी लॅबला निघाले तर घरमालक सूट-टाय घालून ड्राइव्हवेत उभे. म्हणाले, शूटिंगची गाडी येतेय. कुठलं शूटिंग म्हणून विचारलं तर त्यांनी जे नाव सांगितलं ते काम दोन वर्षांपूर्वी संपलेलं होतं. तो भाग आम्ही दोघांनी सोफ्यावर बसून पाहिलाही होता. मी हळूच आठवण करून दिली. त्यांनी टाय सैल केला, घरात आले आणि म्हणाले, "हे कुणाला सांगायचं नाही, डॉक्टर. नटाला सगळं माफ असतं, पाठांतर विसरणं सोडून." मी वचन दिलं. माझी चूक तिथंच झाली, की झाली नाही, हे मला आजही ठरवता येत नाही.

आणि नेमका त्याच हिवाळ्यात त्यांच्या एजंटबाईचा फोन आला. एका मालिकेत नेब्रास्कातल्या शेतकऱ्याची भूमिका होती. बारा वर्षांनी मुलगा घरी येतो आणि दुपारीच परत निघतो, तेव्हा दारात उभा राहून बाप त्याला अकरा ओळी बोलतो. या माणसाला मरायचं नव्हतं, कुणाला तुरुंगात पाठवायचं नव्हतं. घरमालकांनी ते कागद दोन्ही हातांत धरले होते. "पन्नास वर्षांत मला कुणी सलग अकरा ओळी दिल्या नाहीत," ते म्हणाले.

आम्ही पाठांतराला लागलो. बर्फ उपसताना, भांडी घासताना, गाडीत सिग्नलला थांबल्यावर. मी ओळ सांगायची, त्यांनी म्हणायची. सकाळी सहा ओळी यायच्या, संध्याकाळी दोन उरायच्या. ओळी राहत नव्हत्या, पण माझा हेल मात्र त्यांच्या जिभेवर पक्का बसला. नेब्रास्काचा शेतकरी कोल्हापुरी चालीवर इंग्रजी बोलायला लागला. आम्ही दोघं हसून हसून बेजार व्हायचो. मग ते हसणं थांबवून म्हणायचे, "पुन्हा पहिल्यापासून."

शेवटी त्यांनीच युक्ती काढली. दिग्दर्शकाला सांगितलं, मला कमी ऐकू येतं, कानात बसणारं यंत्र लावतो आणि ही मुलगी मला वाक्यं सांगेल, हिच्या आवाजाची सवय आहे. मला म्हणाले, "बहिऱ्याला लोक काम देतात." दिग्दर्शक भला होता, हो म्हणाला. शूटिंगच्या दिवशी आम्ही मेट्रोपार्क स्टेशनहून ट्रेननं न्यूयॉर्कला गेलो. शेतकऱ्याच्या घराच्या खोट्या भिंतीमागे मला स्टूल दिलं, हातात माईक दिला, समोर छोटा पडदा. पहिले दोन शॉट ठीक झाले. तिसऱ्याला ते एक ओळ सोडून पुढे गेले आणि मी घाबरून माईकमध्येच पुटपुटले, "थांबा, थांबा!" आणि नेब्रास्काच्या त्या बापानं निघालेल्या मुलाकडे बघून, डोळ्यांत प्राण आणून, खणखणीत मराठीत म्हटलं, "थांबा, थांबा!"

सगळा सेट हसला. मुलाचं काम करणारा नट तर खालीच बसला. घरमालकही हसले. माझे कान लाल झाले होते.

चौथा शॉट सुरू झाला. मुलगा दाराकडे वळला. मी पहिली ओळ सांगितली. ते बोलले नाहीत. मी पुन्हा सांगितली. पडद्यावर त्यांचा चेहरा दिसत होता. ते त्या मुलाकडे बघत होते. त्याच्या केसांकडे, कपाळाकडे, पुन्हा डोळ्यांकडे. हा कोण आहे, हे शोधत होते. आपण कुठे उभे आहोत, हेही. अभिनय करताना त्यांच्या भुवया कशा हलतात हे मला तीन वर्षांत पाठ झालं होतं, आणि त्या हलत नव्हत्या. मी माईक खाली ठेवला. कुणी 'कट' म्हणालं नाही. मग त्यांनी हात पुढे केला, त्या मुलाच्या कोटाचं वरचं बटण लावलं आणि म्हणाले, "बाहेर थंडी आहे. सांभाळून जा." यातलं काहीच कागदावर नव्हतं.

दिग्दर्शक डोळे पुसत आला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. घरमालकांनी सवयीनं मान लववली.

परतीच्या ट्रेनमध्ये सिकॉकस स्टेशन गेलं तेव्हा माझ्याकडे वळून त्यांनी अगदी सभ्यपणे विचारलं, "आज आपण कुठे गेलो होतो?"

घरी आल्यावर मी कोल्हापूरला आईला व्हिडिओ कॉल केला आणि रडले. आई म्हणाली, "तू त्यांची भाडेकरू आहेस बाई, लेक नाहीस. लेकीला कळव." मी ओहायोला फोन लावला. त्यांच्या लेकीनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुला कधीपासून माहीत आहे?" मी खरं ते सांगितलं. ती म्हणाली, "माझ्या प्रत्येक वाढदिवसाला त्यांना कुठेतरी मरायला जायचं असायचं. आणि आता हेही मला शेवटीच कळतंय." तिनं फोन ठेवला, आणि चौथ्या दिवशी गाडी चालवत पिस्कॅटवेला आली.

पुढचं भराभर झालं. डॉक्टर, तपासण्या, ओहायोत तिच्या घराजवळच्या वृद्धाश्रमात खोली. मी माझं सामान आवरून युनिव्हर्सिटीच्या अपार्टमेंटमध्ये हलवलं. निघायच्या दिवशी घरमालक चांगले भानावर होते, तेच वाईट झालं. गाडीत बसण्याआधी माझ्यासमोर उभे राहिले. "तू उत्तम प्रॉम्प्टर होतीस, डॉक्टर," ते म्हणाले. "पण प्रॉम्प्टरनं प्रेक्षकांना सांगायचं नसतं." त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, तो आशीर्वाद होता की निरोप ते मला कळलं नाही, आणि गाडी गेली.

वसंतात तो भाग प्रसारित होणार होता. त्यांच्या लेकीनंच मला फोन केला. "येशील का? मला एकटीनं बघवणार नाही." मी लॅबमधून सुट्टी घेतली आणि विमानानं गेले. वृद्धाश्रमातल्या खोलीत घरमालकांनी मला ओळखलं नाही. पण उठून उभे राहिले आणि पाहुणीला खुर्ची दिली. बारीक झाले होते, दाढी नीट केलेली होती. भाग आदल्या दिवशी लागून गेला होता. लेकीनं तो लॅपटॉपवर लावला. दुपारची वेळ, खिडकीतून ऊन येत होतं. आम्ही त्यांच्या दोन बाजूंना बसलो.

दाराचा प्रसंग आला. दिग्दर्शकानं चौथाच शॉट ठेवला होता, पूर्ण, एवढासाही न कापता. पडद्यावरचा म्हातारा मुलाकडे बघत राहिला. घरमालक पुढे झुकले. हात गुडघ्यांवर, भुवया वर. इतक्या लक्षपूर्वक बघताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

"हा चांगला आहे," ते हलक्या आवाजात म्हणाले, जणू थिएटरमध्ये बसले होते. "बघ, काहीच करत नाहीये. काही न करता उभं राहणं फार थोड्यांना जमतं." मग माझ्याकडे वळून त्यांनी विचारलं, "कोण आहे हा?"

मी त्यांचं नाव सांगितलं. पहिलं, मधलं, आडनाव, सगळं.

त्यांनी ते नाव दोनदा स्वतःशी म्हणून पाहिलं. "नाही, ऐकलेलं नाही," ते म्हणाले. "पण याला मोठी कामं मिळायला हवीत."

त्यांची लेक तोंडावर हात धरून बसली होती. तिनं तो हात खाली घेतला आणि वडिलांच्या गुडघ्यावर ठेवला.

"मिळतील, डॅड," ती म्हणाली.

ते समाधानानं मान हलवून पुन्हा पडद्याकडे बघू लागले.