कोण हसलं?

गल्लीत त्यांना सगळे साहेब म्हणतात, अगदी कोपऱ्यावरचा वाणीसुद्धा. खरं तर हा माणूस उभ्या जन्मात कुणाचा साहेब झाला नाही. तरुणपणी नाटकात विनोदी नोकराची कामं करायचे. मालकापुढे ताट धरून उभं असताना त्यांना शिंक यायची. आधी नाक थरथरायचं, मग शिंक अडायची, आणि लोकांनी आशा सोडली की फुटायची. त्या एका शिंकेवर त्यांनी संसार केला म्हणा ना.

आता तीच शिंक ते एका तळघरात शिंकतात. हुकूमशाही होती तेव्हा या तळघरात माणसांची चौकशी व्हायची. आता तिथे शाळेची मुलं आणतात, आणि साहेब गणवेश चढवून त्यांना ते दिवस करून दाखवतात. मुलांनी ताठ उभं राहायचं, बोलायचं नाही. खोलीत खुर्ची एकच, गादीची. मुलांचे पाय भरून आले की साहेब पाठ फिरवतात आणि शिंक काढतात. एवढा कडक माणूस आणि त्याची शिंक अडलेली! कुणीतरी फिस्सकन हसतंच. मग साहेब सावकाश वळतात आणि विचारतात, कोण हसलं? जो नाव सांगेल त्याला खुर्ची. ज्याचं नाव निघेल त्याने भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं.

नाव सांगणारं कुणी निघालं नाही असं आजवर झालेलं नाही. शेवटी दिवे लागतात, साहेब टोपी टेबलावर ठेवतात आणि सांगतात की मी साधा नट आहे, आणि तेव्हा मोठी माणसंही खुर्चीसाठी अशीच वागत होती. मग दाराशी उभं राहून हात मिळवायला प्रत्येकापुढे हात करतात. मुलं अंग चोरून बाजूने निघून जातात. तिकीटवाली बाई म्हणते, तुम्ही काम फार चांगलं करता, हीच तर पंचाईत आहे.

बायको गेल्यापासून साहेबांना घर खायला उठतं. रविवार तेवढा बरा जायचा, कारण नात यायची. तिच्या खालच्या मजल्यावरची, तिच्याच वर्गातली मैत्रीणही शेपटासारखी मागे असायचीच. दोघी त्यांच्याकडून शिंक वसूल केल्याशिवाय जेवत नसत.

मग मागच्या वर्षी नातीचा वर्ग तळघरात आला. साहेब पाठ फिरवून शिंकले आणि मागे कुणीतरी हसलं. ते हसू त्यांना वळायच्या आधीच कळलं. नातीला हसताना शेवटी उचकी लागते. त्यांनी विचारलं, कोण हसलं? नातीने मैत्रिणीकडे बोट दाखवलं. ती पोर आ वासून बघत राहिली. साहेबांना वाटलं, टोपी काढावी आणि पुरे म्हणावं. पण लोकांच्या मुलांना जो नियम तोच आपल्या नातीला, अशी त्यांनी मनाची समजूत घातली. मैत्रीण भिंतीकडे गेली. नात खुर्चीच्या कडेवर बसली.

त्यानंतर मैत्रीण नातीशी बोलेना आणि नात आजोबांकडे येईना. मुलीने फोनवर एवढंच म्हटलं, "बाबा, जगाला शिकवा. तिला कशाला शिकवलंत?"

साहेबांना फार एकटं वाटायचं. रविवारी चुकून तीन ताटं मांडली जायची, दोन परत फडताळात जायची. एकदा घरात खरीच शिंक आली, तेव्हा कुणी हसेल म्हणून ते क्षणभर थांबले. नातीने परत यावं, यापलीकडे त्यांना काही नको होतं.

आणि परवा ती आली. दुसऱ्याच शाळेच्या रांगेत शेवटी उभी, हातात स्वतःचं तिकीट. आज शिंक गाळावी असं मनात आलं, पण आपल्यासाठी गाळली हे तिला कळलं असतं. त्यांनी पाठ फिरवली आणि शिंकले.

खोली गप्प. मग एक हसू आलं, जरा ओढून आणलेलं. शेवटची उचकी मात्र खरी होती.

"कोण हसलं?"

एका मुलाचा हात वर जायला लागला होता. त्याच्या आधी ती म्हणाली, "मी हसले."

यापुढचं वाक्य साहेबांकडे नव्हतं, कारण त्याची गरजच कधी पडली नव्हती. "भिंतीकडे तोंड," ते तितक्याच कडक आवाजात म्हणाले. आवाज मऊ केला असता तर तिच्या बोलण्याला किंमत उरली नसती. खुर्ची रिकामी राहिली.

दिवे लागले. मुलं नेहमीसारखी त्यांचा हात चुकवून गेली. ती शेवटी आली. नाकाला भिंतीचा चुना लागला होता.

"आजोबा, मागच्या वेळीही मीच हसले होते."

"माहीत होतं मला."

"मग तिला का उभं केलंत?"

नियमाचं कारण साहेबांच्या ओठांवर आलं होतं. ते त्यांनी गिळलं.

"तुझे पाय दुखत होते," ते म्हणाले. "तुला बसायला मिळावं असं वाटलं."

नातीने नाकावरचा चुना पुसला. मग म्हणाली, "हे तिला येऊन सांगा. माझं ती ऐकत नाही."

त्यांचा हात अजून पुढेच होता. तिने तो हातात घेतला नाही. नुसती गणवेशाची बाही धरली आणि त्यांना जिन्याकडे ओढलं.