बापाने बेतलेला फ्रॉक

बाप बेतायचा, आई शिवायची. दुकान दोघांचं, आणि ठिणगीचा प्रत्येक फ्रॉक तिथलाच. नाव तिचं वेगळंच होतं, पण सातव्या वर्षीच राग सदा नाकाच्या शेंड्यावर, म्हणून सगळे ठिणगी म्हणायचे.

गेल्या वर्षी दोघांचं बिनसलं. मोठ्या माणसांनी शहाण्यासारखी वाटणी केली: शिवणयंत्र आईकडे, मोठी कात्री बापाकडे, ठिणगी पाच दिवस इथे, दोन दिवस तिथे. तिला कुणी विचारलं नाही. कशाला विचारतील? यंत्राला तरी कुठे विचारलं होतं!

शाळेत वर्गाचा फोटो निघणार होता. आई नवा फ्रॉक बेतायला बसली, तर ठिणगीने कापडच हिसकावलं.

"बाबाच बेतणार, तू फक्त शिवायचं. नाहीतर मी फोटोला जाणारच नाही."

"त्याच्या हातचं मी शिवणार नाही," आई तडकली.

"मग मी जेवणार पण नाही!"

दोन जेवणं तिने खरोखर परत पाठवली. तिसऱ्याला आईने हात टेकले.

शनिवारी बाप कापड बघून खूश झाला. ती टेप घेऊन पुढे आली, तर म्हणाला, "ठेव ती. पोरीचं माप मला तोंडपाठ आहे." झरझर कात्री चालली. ठिणगी दोन दिवस हवेत होती. आता सगळं पहिल्यासारखं होणार, याची तिला खात्रीच पटली होती.

तुकडे बघताच आईने ओठ घट्ट मिटले. पण शब्द दिला होता, शिवला. फ्रॉक खांद्यात अडकला आणि गुडघ्याच्या चार बोटं वरच संपला. तो गेल्या वर्षीच्या ठिणगीचा होता.

तरी तिने तोच घातला. फोटोत ती आहे: हात अंगापासून लांब, डोळे खाऊ की गिळू.

पुढच्या शनिवारी त्याच फ्रॉकमध्ये ती बापाच्या दारात उभी राहिली. तो हसायला गेला.

"हसू नकोस! मी केवढी झाले ते तुला माहीतच नाही!"

त्याच्या गळ्यातली टेप तिने ओढली आणि हातात कोंबली. बाप गुडघ्यांवर बसला. टेप खांद्यावर टेकवताना त्याचे डोळे भरले.

"रडतोस काय? माप घे," ती ओरडली. "आणि आता दर शनिवारी घ्यायचं. दर शनिवारी!"