दोन चंद्रांच्या राज्यातला गणिती

भिजलेल्या काथ्याच्या दोराचा वास आला की मी अजून लाटा मोजू लागते.

एकोणीसशे तीस साल असेल. राजपुरीहून दिघीला निघालेला आमचा मचवा खाडीच्या तोंडाशी लाटांत सापडला. बायका घाबरून उठू लागल्या.

"कुनी हलू नका, मचवा पालथा व्हईल!" नाखवा ओरडला.

तेव्हा माझी थोरली बहीण, आक्का, माझं मनगट धरून मोठ्याने बिंदुनाथाची गोष्ट सांगू लागली. दोन चंद्रांच्या राज्यातला हा गणिती तिनेच लहानपणी माझ्यासाठी रचलेला. जन्मभर किनाऱ्यावर बसून त्याने एकच सिद्ध केलं होतं: मोजलेली भीती निम्मी होते.

"तीन मोठ्या लाटांनंतर दर्या दम खातो, असं त्याचं गणित. मोजा!"

बायका बसून मोजू लागल्या. एक. दोन. तिसरी शिडावर फुटली. मग खरंच पाणी सैलावलं आणि नाखव्याने मचवा आत घातला.

धक्क्यावर मी विचारलं, "चौथी आली असती तर?"

"तर बिंदुनाथाने चार म्हटलं असतं," आक्का हसली.

घरी बांगड्या मागे सारल्या, तर मनगटावर तिच्या चारही नखांच्या खोल खुणा. एवढं घट्ट कशाला धरलंस, म्हणून तेव्हा मी तिच्यावर चिडले होते.